१९१४चे पुरुष, १९२८च्या स्त्रिया

विंडहॅम लुईस या ब्रिटिश चित्रकार-लेखकाने १९३७ साली आपल्या आठवणींचे पुस्तक प्रसिद्ध केले. त्यात त्याने आपल्या पिढीतल्या चार लेखकांना मिळून एक नाव दिले : '१९१४चे पुरुष'. एझरा पाउंड, टी. एस. एलियट, जेम्स जॉइस आणि चौथा लुईस स्वतः. इंग्रजी साहित्याला जुन्या वळणातून बाहेर काढले ते या चौघांनी, असा त्याचा दावा होता. दुसऱ्या महायुद्धानंतर विद्यापीठांमध्ये आधुनिकतावाद रीतसर शिकवला जाऊ लागला आणि थोड्याफार फरकाने हीच यादी पाठ्यक्रमात जाऊन बसली. लुईसची जागा कधी येट्सने घेतली, कधी लॉरेन्सने. व्हर्जिनिया वुल्फला एखादी खुर्ची मिळे, पण कोपऱ्यात. आधुनिक म्हणजे कठोर, अवघड, परंपरेशी फारकत घेणारे, भावनेला दूर ठेवणारे लेखन, अशी व्याख्या ठरली आणि ती जणू निसर्गनियम असल्यासारखी पिढ्यान्‌पिढ्या शिकवली गेली.

ही व्याख्या कोणी केली, कोणाच्या सोयीची केली आणि तिच्यामुळे कोण बाहेर पडले, हे प्रश्न १९७० आणि ८०च्या दशकांत अमेरिकेतल्या स्त्रीवादी समीक्षकांनी लावून धरले. शारी बेनस्टॉक यांनी १९८६ साली पॅरिसमधल्या लेखिकांचा इतिहास लिहिला. सँड्रा गिल्बर्ट आणि सुझन गुबार यांनी १९८८ ते १९९४ या काळात तीन खंडांत विसाव्या शतकातील लेखक-लेखिकांच्या संघर्षाची मांडणी केली. याच पिढीतल्या बॉनी काइम स्कॉट या आधी डेलावेअर विद्यापीठात आणि नंतर सॅन डिएगो स्टेट विद्यापीठात शिकवत. त्यांचे काम मला या सगळ्यांत विशेष मोलाचे वाटते, कारण त्यांनी तक्रारीवर न थांबता पुरावा गोळा केला आणि तो वाचकाच्या हाती दिला.

हा पुरावा म्हणजे त्यांनी संपादित केलेले 'द जेंडर ऑफ मॉडर्निझम' हे १९९०चे जाडजूड संकलन. त्यात २६ लेखक आहेत. पुरुष पाच : एलियट, जॉइस, लॉरेन्स, पाउंड आणि स्कॉटिश कवी ह्यू मॅकडायरमिड. उरलेल्या २१ स्त्रिया. वुल्फ, गर्ट्रूड स्टाइन, कॅथरिन मॅन्सफिल्ड ही नावे आपल्याला ऐकून तरी ठाऊक असतात. पण मिना लॉय, शार्लट म्यू, ॲना विकहॅम, मे सिंक्लेअर, सिल्व्हिया टाउनसेंड वॉर्नर, जेसी फॉसेट, नेला लार्सन ही नावे इंग्रजी घेऊन एम. ए. झालेल्यांनाही अनेकदा नवीन असतात. प्रत्येक लेखकासाठी एका अभ्यासकाची प्रस्तावना आणि पाठोपाठ त्या लेखकाचे सहज न मिळणारे लेखन, अशी पुस्तकाची रचना आहे. पत्रे, परीक्षणे, जुन्या नियतकालिकांत पडून राहिलेले निबंध यात एकत्र आले. विभागांचे काम एकट्या संपादकाने न करता अनेक अभ्यासकांकडे सोपवले, हाही त्या पुस्तकाच्या विचाराचाच भाग होता.

पुस्तकाला स्कॉट यांनी लिहिलेल्या प्रस्तावनेत एक आकृती आहे. या २६ जणांची नावे गोलाकार मांडली आहेत आणि ज्यांचा ज्यांच्याशी संबंध होता, त्यांच्यामध्ये रेघा ओढल्या आहेत. कोणी कोणाबद्दल लिहिले, कोणी कोणाला छापले, कोणाची कोणाशी मैत्री होती. रेघांचा असा काही गुंता होतो की त्याचे केंद्र शोधून सापडत नाही. 'चौघांनी क्रांती केली' ही कहाणी ज्याने शाळा-कॉलेजात ऐकली आहे, त्याने ते एक पान नीट पाहावे. शिखरावर बसलेले चार महापुरुष आणि पायथ्याशी त्यांचे अनुयायी, हे चित्र त्या पानावर टिकत नाही.

आता या गुंत्यातली एकच रेघ जवळून पाहू. १९११ साली लंडनमध्ये डोरा मार्सडेन या मताधिकार चळवळीतल्या कार्यकर्तीने 'द फ्रीवुमन' नावाचे साप्ताहिक सुरू केले. विवाह, लैंगिकता, स्त्रियांची मजुरी अशा विषयांवर ते बिनधास्त लिहीत असे. तिथे सिसिली फेअरफील्ड ही जेमतेम एकोणीस वर्षांची मुलगी परीक्षणे लिहू लागली. घरच्यांना त्रास नको म्हणून तिने इब्सेनच्या एका नाटकातल्या नायिकेचे नाव घेतले : रिबेका वेस्ट. १९१३ साली हे पत्र 'द न्यू फ्रीवुमन' या नावाने पुन्हा निघाले आणि साहित्याची पाने वेस्टकडे आली. पाउंडला या पत्रात आणले ते तिनेच. थोड्याच दिवसांत तिने पत्र सोडले. जानेवारी १९१४मध्ये पत्राचे नाव बदलून 'द इगोइस्ट' झाले, आणि शीर्षकातली स्त्री गेली.

याच 'इगोइस्ट'ने जॉइसची पहिली कादंबरी १९१४-१५मध्ये क्रमशः छापली. मजकूर पाहून मुद्रक कचरत होते. १९१४च्या मध्यापासून संपादनाची धुरा हॅरिएट शॉ वीव्हर या अत्यंत अबोल आणि तितक्याच खंबीर बाईंकडे होती. कोणी ती कादंबरी पुस्तकरूपाने छापायला तयार होईना, तेव्हा त्यांनी पत्राच्याच नावाने प्रकाशनसंस्था काढली. पुढे अनेक वर्षे त्यांनी जॉइसला इतके पैसे दिले की त्याचा संसार त्यावरच चालला. १९४१मध्ये तो झुरिकला वारला तेव्हा अंत्यसंस्काराचा खर्चही त्यांनीच केला. १९१७मध्ये एलियट या पत्रात सहसंपादक म्हणून आला आणि त्याच वर्षी त्याचा पहिला कवितासंग्रह वीव्हरबाईंच्याच संस्थेने प्रसिद्ध केला. त्या वर्षी वडिलांना लिहिलेल्या पत्रात एलियटने कळवले आहे की 'इगोइस्ट'मधले लेखन होईल तितके पुरुषांच्या हाती राहावे यासाठी आपण धडपडतो, कारण साहित्यातल्या स्त्रैण अंशावर आपला विश्वास नाही. स्त्रीने काढलेल्या, स्त्रीने चालवलेल्या पत्रात बसून लिहिलेले हे वाक्य आहे. आधुनिकतावादाला पुरुषी रूप कसे दिले गेले, ते घडत असताना दाखवणारा याहून स्पष्ट पुरावा क्वचितच मिळेल.

अटलांटिकच्या पलीकडे हेच चित्र होते. हॅरिएट मन्रो यांनी १९१२ साली शिकागोत 'पोएट्री' मासिक सुरू केले आणि १९१५मध्ये एलियटची पहिली मोठी कविता छापली. मार्गारेट अँडरसन आणि जेन हीप यांच्या 'लिटल रिव्ह्यू'ने १९१८पासून 'युलिसिस' क्रमशः दिली. टपालखात्याने अंक जप्त केले, खटला झाला, आणि १९२१मध्ये दोघींना प्रत्येकी ५० डॉलर दंड झाला. मग कोणी प्रकाशक पुढे येईना तेव्हा पॅरिसमधल्या पुस्तकविक्रेत्या सिल्व्हिया बीच यांनी २ फेब्रुवारी १९२२ रोजी, जॉइसच्या चाळिसाव्या वाढदिवशी, ती कादंबरी प्रसिद्ध केली. न्यूयॉर्कच्या 'क्रायसिस' मासिकाच्या साहित्यविभागाच्या संपादक जेसी फॉसेट यांनी कृष्णवर्णीय लेखकांची एक अख्खी पिढी पुढे आणली. लँग्स्टन ह्यूजची नद्यांवरची गाजलेली कविता १९२१मध्ये त्यांच्याच काळात तिथे आली.

यावर कोणी म्हणेल, स्त्रियांनी पैसा दिला, मासिके चालवली, खटले अंगावर घेतले, सगळे खरे; पण लिहिले तर पुरुषांनीच ना? 'मदतीला आलेल्या बायका' एवढ्यावर त्यांची बोळवण करण्याचा हा मार्ग फार जुना आहे. स्कॉट यांच्या संकलनातला ऐवज तो बंद करतो. डोरोथी रिचर्डसन यांनी आपल्या प्रदीर्घ कादंबरीमालेचा पहिला भाग १९१५ साली प्रसिद्ध केला. एका तरुणीच्या मनात काय येते-जाते, तेवढेच त्यात आहे. वरून सांगणारा निवेदक नाही, कथानकाची नेहमीची बांधणी नाही. मनोव्यापारांच्या या अखंड ओघाला आपण आज संज्ञाप्रवाह म्हणतो. मानसशास्त्रातली ही कल्पना कादंबरीला प्रथम लावली ती मे सिंक्लेअर यांनी, १९१८ साली, रिचर्डसनच्याच कादंबऱ्यांचे परीक्षण करताना. तोपर्यंत 'युलिसिस' छापून पूर्ण व्हायला चार वर्षे होती. असे असूनही संज्ञाप्रवाहाचा धडा पाठ्यपुस्तकात जॉइसपासून सुरू होतो. तंत्र वापरणारी स्त्री, ते ओळखून त्यावर लिहिणारी स्त्री, आणि दोघींचीही नावे तळटिपेत!

आणखी एक उदाहरण. १९१४मध्ये लुईसने 'ब्लास्ट' हे आक्रमक, मोठ्या ठळक अक्षरांतले नियतकालिक काढले. '१९१४चे पुरुष' ही कल्पना ज्या वर्षावरून आली, त्या वर्षाचे ते सर्वांत गाजलेले प्रकाशन. त्याच्या पहिल्याच अंकात रिबेका वेस्टची कथा आहे. एका नवरा-बायकोच्या वैराची, समाजवादी बायकोच्या ताकदीपुढे हरणाऱ्या कारकुनाची ती कथा आहे. अंकातल्या जाहीरनाम्याखाली हेलन सॉन्डर्स आणि जेसिका डिस्मॉर या दोन चित्रकर्त्रींच्या सह्या आहेत. म्हणजे १९१४मध्येसुद्धा ते फक्त पुरुष नव्हते. तेवीस वर्षांनी आठवणी लिहिताना फक्त पुरुष उरले.

स्कॉट यांनी याला उत्तर म्हणून दुसरे साल पुढे ठेवले. १९९५मध्ये त्यांचा 'रिफिगरिंग मॉडर्निझम' हा दोन खंडांतला ग्रंथ आला. त्याच्या पहिल्या खंडाचा विषय आहे '१९२८च्या स्त्रिया' : व्हर्जिनिया वुल्फ, रिबेका वेस्ट आणि जूना बार्न्स. ही निवड केवळ लुईसला प्रत्युत्तर म्हणून नव्हती. १९२८ हे साल खरोखरच भरगच्च आहे. जुलैमध्ये ब्रिटनमध्ये स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीने, म्हणजे वयाच्या २१व्या वर्षी, मताधिकार मिळाला. १९१८च्या कायद्याने तो फक्त तिशी ओलांडलेल्या आणि मालमत्तेची अट पुरी करणाऱ्या स्त्रियांना दिला होता. ऑक्टोबरमध्ये वुल्फची 'ऑर्लँडो' आली. तिचा नायक शतके ओलांडत जगतो आणि मध्येच स्त्री होतो. त्याच महिन्यात केंब्रिजच्या दोन महिला महाविद्यालयांत वुल्फने स्त्रिया आणि साहित्य या विषयावर भाषणे दिली. लेखिकेला स्वतःची मिळकत आणि स्वतःची खोली हवी, हे सांगणारे तिचे पुढल्या वर्षीचे जगप्रसिद्ध पुस्तक याच भाषणांतून झाले. नोव्हेंबरमध्ये रॅडक्लिफ हॉल यांच्या समलिंगी प्रेमावरील कादंबरीवर लंडनमध्ये खटला चालला. साक्ष द्यायला तयार होऊन आलेल्या लेखकांत वुल्फही होती. दंडाधिकाऱ्यांनी साहित्यिकांचे म्हणणे ऐकून घ्यायचे नाकारले आणि पुस्तक नष्ट करण्याचा हुकूम दिला. पॅरिसमध्ये बार्न्सने त्याच वर्षी तिथल्या समलिंगी स्त्रियांच्या वर्तुळावर एक खट्याळ पंचांगवजा पुस्तक खासगीरीत्या छापून घेतले, लेखिकेचे नाव न घालता. तिची कादंबरी अमेरिकेत आली ती काटछाट होऊन, गाळलेल्या जागी फुल्या घेऊन.

वेस्टचेही एक पुस्तक याच वर्षीचे. त्यातला मुख्य निबंध सुरू होतो पॅरिसमध्ये, सिल्व्हिया बीचच्या दुकानातून जॉइसचा छोटा कवितासंग्रह विकत घेऊन रस्त्याने चालत निघालेल्या लेखिकेपासून. त्या फेरफटक्यात ती जॉइसच्या प्रतिभेला दाद देते, त्याच्या भाबड्या भावुकतेवर बोट ठेवते, आणि मग कलेची माणसाला गरज का पडते या मोठ्या प्रश्नाकडे वळते. मधूनच खरेदीची कामे चालू आहेत, टोप्या घेणे चालू आहे. अनेक पुरुष समीक्षकांना हे पोरकट वाटले. स्कॉट यांची पिढी नेमके इथे थांबून विचारते की गंभीर विचार बाजारहाट करणाऱ्या शरीराबरोबर चालू शकत नाही, हे कोणी ठरवले? एका स्त्रीने जॉइसला न्यायाधीशाच्या जागेवरून तपासले, याचे महत्त्व त्या टोप्यांमुळे कमी होत नाही.

स्कॉट यांचे काम म्हणजे पुरुष लेखकांना हद्दपार करण्याची मोहीम, असा समज कोणी करून घेऊ नये. त्यांचा आरंभच जॉइसपासून झाला. 'जॉइस अँड फेमिनिझम' या १९८४च्या पुस्तकात त्यांनी जॉइसला त्याच्या डब्लिनमधल्या स्त्रीवादी वातावरणात परत नेऊन ठेवले. १९०१ साली कॉलेजच्या मासिकाने दोन विद्यार्थ्यांचे निबंध नाकारले, तेव्हा दोघांनी मिळून ते एकाच पुस्तिकेत छापले. एक जॉइसचा, आयरिश रंगभूमीवरचा. दुसरा फ्रान्सिस स्केफिंग्टनचा, विद्यापीठात स्त्रियांना समान स्थान मिळावे यासाठीचा. या स्केफिंग्टनने लग्नानंतर बायकोचे आडनाव आपल्या आडनावाला जोडले, आणि त्याची बायको हॅना शीही-स्केफिंग्टन हिने १९०८मध्ये आयरिश स्त्रियांच्या मताधिकारासाठी संघटना उभारली.

त्या संघटनेच्या दुसऱ्या संस्थापक मार्गारेट कझिन्स. त्यांच्या आणि त्यांचे पती जेम्स यांच्या डब्लिनमधल्या घरी १९०४ साली तरुण जॉइस काही काळ पाहुणा होता. १९१५ साली हे दांपत्य भारतात आले. जानेवारी १९२७मध्ये पुण्यात अखिल भारतीय महिला परिषदेचे पहिले अधिवेशन भरले, बडोद्याच्या महाराणी चिमणाबाई अध्यक्ष होत्या, आणि त्यामागे पुढाकार होता याच मार्गारेट कझिन्सचा. जॉइसच्या डब्लिनपासून आपल्या पुण्यापर्यंत अशी एक सरळ रेघ जाते. ती कोणत्याही साहित्येतिहासात काढलेली दिसत नाही, कारण साहित्य एका कप्प्यात आणि स्त्रियांची चळवळ दुसऱ्या, अशी वाटणी आपण आधीच करून ठेवलेली असते.

पहिल्या संकलनाच्या मर्यादा स्कॉट यांनी झाकून ठेवल्या नाहीत. २००७मध्ये त्यांनी 'जेंडर इन मॉडर्निझम' हे दुसरे मोठे संकलन काढले. आता साम्राज्य, वंश, वर्ग, युद्ध, रंगभूमी, चित्रपट असे विषय घेऊन मांडणी झाली. यातला एक ठेवा म्हणजे होप मर्लीस यांची पॅरिसवरची दीर्घ कविता. एका दिवसाचे शहर, जाहिरातींचे तुकडे, भुयारी रेल्वेची स्थानके, युद्धाचे मृत, पानभर विखुरलेली अक्षरे. वुल्फने ती स्वतःच्या हाताने खिळे जुळवून १९२० साली छापली, एलियटच्या 'वेस्ट लँड'आधी दोन वर्षे. पुढे मर्लीसबाईंची ही कविता जवळपास विस्मरणात गेली होती. ज्युलिया ब्रिग्ज यांनी ओळीओळीला टिपा देऊन ती या संकलनात पुन्हा वाचकांसमोर आणली, आणि आज आधुनिक शहरकवितेचा विचार तिला वगळून करता येत नाही. २०१२च्या पुस्तकात स्कॉट आणखी पुढे गेल्या आणि वुल्फच्या लेखनातली बाग, पतंग, समुद्र यांचा पर्यावरणाच्या अंगाने विचार केला.

या सगळ्याचा आपल्याशी संबंध आहे आणि तो जवळचा आहे. आपली नवकविता, नवकथा घडली तेव्हा समोर असलेले इंग्रजी नमुने याच निवडक यादीतून आलेले होते. मर्ढेकर आणि एलियट यांच्यावर आपण पानेच्या पाने लिहिली. एलियटच्या भोवतीच्या स्त्रिया आपल्यापर्यंत पोहोचल्याच नाहीत. आणि आपणही तशीच यादी केली. नवकथा म्हटली की गाडगीळ, गोखले, भावे, माडगूळकर ही चार नावे परीक्षेच्या उत्तरासारखी तोंडात येतात. चौघेही मोठे, यात वाद नाही. पण कथानकाची जुनी चौकट सैल करून मनाच्या अंतर्भागाकडे वळणाऱ्या कुसुमावती देशपांडे यांच्या कथा त्यांच्या आधीच्या आहेत. विभावरी शिरूरकर या टोपणनावाने १९३३ साली आलेल्या 'कळ्यांचे निःश्वास'वर गदारोळ झाला तो 'सामाजिक प्रश्न' म्हणून. त्यातल्या निवेदनाच्या नवेपणाची चर्चा त्या मानाने किती झाली? कमल देसाई यांच्या 'काळा सूर्य'सारख्या लघुकादंबरीला 'दुर्बोध' म्हणून बाजूला ठेवणारे वाचक पुरुष लेखकाच्या दुर्बोधतेला खोली मानत आले आहेत.

स्त्रीवादी समीक्षा म्हणजे यादीत दहा बायकांची नावे घालणे, असे समजून अनेक जण तिच्याकडे पाठ फिरवतात. स्कॉट यांच्या कामाने दाखवलेली गोष्ट याहून मोठी आहे : नावे बदलली की व्याख्याही बदलते. रिचर्डसन, वेस्ट, मर्लीस यांना आत घेतले की आधुनिक लेखन म्हणजे फक्त कठोरपणा आणि फारकत राहत नाही. त्यात मैत्री, घर, शरीर, राग, चळवळ आणि रोजचे जगणेही येते. आणि मग जॉइस, एलियटही अधिक नीट कळतात, कारण ते कोणाच्या खांद्यावर उभे होते ते दिसते.

मराठीत हे काम करायला जुन्या मासिकांचे अंक अजून ग्रंथालयांत आहेत. अनेक अंकांची पाने हात लावताच तुटू लागली आहेत. साहित्याचे विद्यार्थी, शिक्षक आणि जाणते वाचक यांना माझी विनंती आहे, कोणत्याही कालखंडाचा इतिहास हाती घेतला की तीन प्रश्न विचारा. नियतकालिक कोण चालवत होते? पैसे कोणी घातले? आणि कोणाचे पुस्तक पुन्हा छापले गेले नाही? उत्तरे शोधायला आजच बसा, कारण ते अंक फार काळ थांबणार नाहीत.